गोंदणयंत्रातील विद्युत् दोष व त्यांचे निवारण (कोकण)

टॅटू काढण्याचे विजेचे यंत्र, त्याचा पॉवर सप्लाय, फूट स्विच आणि यांना जोडणारी क्लिप कॉर्ड यांत उद्भवणारे बिघाड व ते सुरक्षितपणे शोधण्याची पद्धत. कोकण किनाऱ्यावर खारी दमट हवा, पावसाळ्यात वारंवार जाणारी वीज आणि जांभ्याच्या जमिनीतील अर्थिंग यांमुळे या बिघाडांकडे वेगळे लक्ष द्यावे लागते. हाताने सुई टोचून केलेल्या गोंदणाचा विचार येथे केलेला नाही (पहा : गोंदण).

या यंत्राच्या उगमाविषयी मतभेद आहेत. न्यूयॉर्कच्या सॅम्युएल ओरायली याला ८ डिसेंबर १८९१ रोजी अमेरिकी एकस्व (पेटंट) मिळाले. प्रती काढण्यासाठी कागदाला सेकंदाला सुमारे ५० छिद्रे पाडणाऱ्या एडिसनच्या विद्युत् लेखणीवरून (१८७६) त्याने आपले यंत्र बेतले, असे बहुतेक संदर्भग्रंथ सांगतात. दातांत सोने ठासण्याच्या विद्युत् हातोडीत फेरफार करून गोंदणारे त्याआधीच काम करीत असावेत, असे दुसरे मत आहे. कॉइल यंत्रापुरते (तारेच्या वेटोळ्यांच्या विद्युत् चुंबकावर चालणाऱ्या यंत्रापुरते) हे दुसरे मत अधिक ग्राह्य वाटते. कारण एडिसनची लेखणी फिरत्या मोटरवर चाले, तर त्या हातोडीत आजच्या कॉइल यंत्राप्रमाणे विद्युत् चुंबक होता. लंडनच्या टॉम रायली याने १८९१ मध्येच एकस्व घेतल्याचे वारंवार छापले जाते. सदर्लंड मॅकडॉनल्ड याच्या १८९४ च्या ब्रिटिश एकस्वाला मात्र भक्कम आधार आहे.

कॉइल यंत्राची रचना जुन्या विजेच्या घंटीसारखी असते. कॉइलने पट्टी ओढली की स्प्रिंग काँटॅक्ट स्क्रूपासून सुटते, प्रवाह तुटतो, पट्टी परत येते. दर वेळी तेथे ठिणगी पडते व ती कपॅसिटर (विद्युत् भार साठवणारा भाग) शोषतो. ठिणगी एकाएकी मोठी व निळसर दिसू लागली, यंत्राचा आवाज फाटला, तर संशय प्रथम कपॅसिटरवर घ्यावा. पोलादी स्प्रिंगला श्रावणात आठवडाभर न वापरताही गंज धरतो, आणि क्लिप कॉर्डच्या तांब्यावर हिरवट थर चढतो. यंत्र मध्येच अडखळते व कॉर्ड जरा वाकवली की चालते, हे त्याचे नेहमीचे लक्षण. नवे यंत्र घेण्याआधी दुसरी कॉर्ड लावून पाहावी. दोष बहुतेकदा तेथेच सापडतो. रोटरी (फिरत्या मोटरवर चालणाऱ्या) यंत्रात ठिणगीचा प्रश्न कमी.

कॉइल यंत्र साधारण ६ ते १० व्होल्ट एकदिश (डीसी) विजेवर चालते, म्हणून ते निर्धोक मानण्याची प्रवृत्ती आहे. ती चुकीची आहे. शरीराचा विद्युत् रोध मुख्यतः कोरड्या त्वचेत असतो आणि सुई नेमकी तीच भेदते. पॉवर सप्लायमधील विलगीकरण (घरगुती वीज यंत्रापासून अलग ठेवणारी व्यवस्था) बिघडले, तर २३० व्होल्टचा मार्ग सुईपर्यंत येऊ शकतो. अर्थिंग नसलेल्या स्विच मोड सप्लायमध्ये (वीज अतिजलद चालू-बंद करून व्होल्टेज उतरवणाऱ्या सप्लायमध्ये) आतील गाळणी कपॅसिटरांतून अल्प गळती होते. यंत्राच्या लोखंडी सांगाड्याला हात लावल्यास मुंग्या येतात. त्यावर दोन पिनांचा प्लग उलटा लावून पाहण्याचा उपाय सर्रास केला जातो. त्याने दोष जात नाही.

जांभ्यातून पाणी लवकर झिरपून जाते. त्यामुळे पावसाळ्यात चांगले असलेले अर्थिंग एप्रिल-मेमध्ये, म्हणजे मालवण-तारकर्लीच्या ऐन पर्यटन हंगामात, कमकुवत होते. ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी (गळती होताच वीज तोडणारा स्विच) म्हणूनच आवश्यक. त्याचे टेस्ट बटण अधूनमधून दाबून पाहावे.

तपासणीपूर्वी सुई गिऱ्हाइकाच्या अंगापासून दूर करून काढून टाकावी, प्लग उपसावा व हात कोरडे करावेत. मग मल्टिमीटरने कॉर्ड, फूट स्विच व कॉइल यांची सलगता (तार कोठे तुटलेली नाही ना) क्रमाने पाहावी. पॉवर सप्लायची पेटी उघडू नये : आतील कपॅसिटरांत प्लग काढल्यावरही विद्युत् भार राहतो. ते काम जाणत्या इलेक्ट्रिशियनचे. पुरात भिजलेला सप्लाय वाळवून परत वापरणे सर्वथा टाळावे.

जत्रांत बॅटरीवर यंत्र चालवले, तर घरगुती विजेचा धोका राहत नाही. मात्र शिसे-आम्ल बॅटरीची टोके जुळल्यास प्रचंड प्रवाह वाहून तार लाल होते. बॅटरीच्या टोकालगत फ्यूज असावा.