कौनासचे व्हिसे आणि फुकुहारांचं घर

इतिहासकार पामेला रॉटनर साकामोटो यांची दोन पुस्तकं आहेत: १९९८चं जपानी मुत्सद्दी आणि ज्यू निर्वासितांवर, २०१६चं फुकुहारा या जपानी-अमेरिकी कुटुंबावर. दोन्हींत माणसाचं नशीब सरकारी कागदावर लटकलेलं दिसतं. पहिल्यात तर अक्षरशः.

कौनासचे (लिथुआनिया) जपानी वाणिज्यदूत चिउने सुगिहारा यांनी १९४०च्या उन्हाळ्यात टोकियोला न जुमानता ज्यू निर्वासितांना व्हिसे दिले, ही गोष्ट बऱ्याच जणांना ठाऊक असते. ती खोटी नाही, अपुरी आहे. सुगिहारा देत होते तो ट्रान्झिट व्हिसा, म्हणजे जपानमधून फक्त पुढे जाण्याची मुभा. त्यासाठी दोन अटी होत्या: पुढच्या देशाचा प्रवेश पक्का हवा आणि खिशात पुरेसे पैसे हवेत. पुढचा देश म्हणून दाखवलं गेलं कॅरिबियनमधलं डच बेट, कुरासाव. तिथे व्हिसा लागत नव्हता, मात्र उतरायला गव्हर्नरची परवानगी लागे. रिगातले (लाटविया) डच राजदूत दे डेकर यांनी नोंदीचा मजकूर ठरवताना परवानगीचा भाग गाळला आणि ‘व्हिसा लागत नाही’ एवढंच ठेवलं. फिलिप्स या डच कंपनीचे स्थानिक प्रतिनिधी आणि हंगामी डच वाणिज्यदूत यान झ्वार्तेंडेक यांनी ती ओळ दोन हजारांवर निर्वासितांना लिहून दिली. वाक्य अर्धवट होतं, पण त्यात खोटं काही नव्हतं!

सुगिहारांच्या यादीत २,१४० नावं आहेत. एका व्हिशावर अख्खं कुटुंबही जाई, म्हणून वाचलेल्यांचा आकडा छातीठोकपणे कोणी सांगू नये. पुढे सोव्हिएत निर्गमन परवाना, डॉलरमध्ये तिकीट, सैबेरियामार्गे व्लादिवोस्तोक आणि बोटीने त्सुरुगा हे जपानी बंदर. १९४१च्या मार्चमध्ये कुरासावची नोंद नसलेल्या सत्तरेक जणांना त्सुरुगाहून परत पाठवलं. जपानमधल्या कोबे शहरातल्या डच वाणिज्यदूताने कागद दिल्यावरच ते उतरू शकले.

मग जपान ज्यूंचा कैवारी होता का? ६ डिसेंबर १९३८ला जपानच्या पाच मंत्र्यांच्या बैठकीत ठरलं ते असं: ज्यूंना इतर परदेशीयांसारखंच वागवायचं, मुद्दाम बोलवायचं नाही, भांडवलदार आणि तंत्रज्ञ उपयोगी असतील तर अपवाद. हिशेबच तो. कोबेत अडकलेले हजारेक जण १९४१मध्ये शांघायला धाडले गेले आणि १८ फेब्रुवारी १९४३च्या जपानी फर्मानाने ‘राष्ट्रहीन निर्वासितां’ना तिथल्याच हाँगक्यू भागात कोंबण्यात आलं.

दुसऱ्या पुस्तकात कागदाची जागा भाषा घेते. वडील १९३३मध्ये वारल्यावर फुकुहारांची आई मुलांना घेऊन अमेरिकेहून हिरोशिमाला परतली. त्यांतला हॅरी हा मुलगा १९३८मध्ये पुन्हा अमेरिकेत गेला. अमेरिकी राष्ट्राध्यक्षांच्या फेब्रुवारी १९४२च्या ९०६६ क्रमांकाच्या आदेशानंतर सुमारे १,२०,००० जपानी वंशाच्या लोकांना छावण्यांत डांबलं गेलं, त्यांतले दोन तृतीयांश अमेरिकी नागरिक. हॅरी ॲरिझोनातल्या हिला रिव्हर छावणीत होता. गंमत अशी, की डांबलेल्यांचीच लष्कराला गरज पडली. युद्धापूर्वी तपासलेल्या ३,७०० अमेरिकी-जपानी जवानांपैकी जेमतेम ३ टक्क्यांना जपानी उत्तम येत होती. हॅरी त्या दुर्मिळांपैकी. मिनेसोटातल्या कॅम्प सॅव्हेज या लष्करी भाषाशाळेत लष्करी शब्द आणि ‘सोशो’ हे घसटं हस्तलेखन शिकवत. जपानी सैनिक रोजनिशी लिहीत, अमेरिकनांना ती वाचता येणार नाही या भरवशावर. न्यू गिनीत हॅरी युद्धकैद्यांच्या जबान्या घेत होता. त्याचे भाऊ मात्र युद्धकाळात जपानी सैन्यात भरती झाले आणि आई हिरोशिमात होती.