हायाकावा, सेस्यू

हायाकावा, सेस्यू : (१० जून १८८६ – २३ नोव्हेंबर १९७३). मूकपटांच्या काळात हॉलिवूडचे आघाडीचे नायक झालेले जपानी नट. मूळ नाव किंतारो. जन्म जपानच्या चिबा प्रांतात. लॉस एंजेलिसच्या जपानी वस्तीतील नाटकांत काम करत असताना निर्माते टॉमस इन्स यांनी त्यांना हेरले. १९१४ मध्ये ‘द टायफून’ पडद्यावर आला. त्याच वर्षी अभिनेत्री त्सुरू आओकी यांच्याशी त्यांचा विवाह झाला.

नाव झाले ते सेसिल बी. डिमिल यांच्या ‘द चीट’मुळे (१९१५). त्यातला हस्तिदंताचा जपानी व्यापारी आपल्या मालकीच्या वस्तूंवर तापल्या लोखंडाचा शिक्का मारतो, आणि पैसे घेऊन शब्द फिरवणाऱ्या गोऱ्या स्त्रीच्या खांद्यावरही तोच शिक्का डागतो. ती गोळी झाडते. तो कागदी पडद्याला टेकून घसरत जातो आणि पलीकडच्या बाजूने रक्ताचा डाग दिसतो. बाकीचे नट हातवारे करत, डोळे वटारत. हायाकावा चेहऱ्यावरची रेषही न हलवता दरारा उभा करत. गोऱ्या स्त्रिया त्यांच्यावर लुब्ध झाल्या. अमेरिकेतले जपानी मात्र संतापले, आणि त्यांचा संताप रास्तच होता. जपान पहिल्या महायुद्धात मित्रराष्ट्र असल्याने १९१८ मध्ये चित्रपट पुन्हा लागला तेव्हा मूकपटातल्या मजकुराच्या पाट्या बदलून हा व्यापारी ब्रह्मदेशी करण्यात आला. चेहरा आणि कपडे तेच राहिले. कोणताही आशियाई दुसऱ्याच्या जागी चालतो, असे त्यामागे गृहीत होते.

खलनायकाचा शिक्का पुसला तरी दुसरा बसला. कधी मेक्सिकन दरोडेखोर, कधी भारतीय राजपुत्र, आणि प्रेमकथा असेल तर शेवटी त्याग किंवा मरण. कॅलिफोर्नियात गोऱ्यांशी आशियाईंचा विवाह कायद्यानेच निषिद्ध होता. पडद्यावरही गोरी नायिका त्यांना मिळणे अशक्य. म्हणून १९१८ मध्ये त्यांनी स्वतःची हॉवर्थ पिक्चर्स ही संस्था काढली. ‘द ड्रॅगन पेंटर’मध्ये (१९१९) कॅलिफोर्नियातले योसेमिटीचे डोंगर जपानचे झाले, नायिका त्सुरूच होत्या, आणि इथे मात्र नायकाला त्याची प्रिया अखेर परत मिळते. हायाकावांना काय करायचे होते ते याच चित्रपटात पाहावे.

१९२२ मध्ये त्यांनी हॉलिवूड सोडले. दोनच वर्षांनी अमेरिकेने जपान्यांना स्थलांतराची दारे बंद केली. १९३१ मध्ये ‘डॉटर ऑफ द ड्रॅगन’साठी ते परतले, तेव्हा त्यांना चिनी गुप्तहेराची भूमिका मिळाली आणि फू मांचू हे चिनी खलपात्र स्वीडनमध्ये जन्मलेल्या वॉर्नर ओलंड यांनी केले. दुसरे महायुद्ध त्यांनी फ्रान्समध्ये जलरंगातली चित्रे विकून काढले.

युद्धानंतर वाट्याला आला तो जपानी लष्करी अधिकारी. ‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’मधील (१९५७) कर्नल सायतो वरवर त्याच साच्यातला; त्या भूमिकेने त्यांना सहायक अभिनेत्याचे ऑस्कर नामांकन मिळवून दिले. ब्रिटिश कैदी अधिकाऱ्यापुढे माघार घ्यावी लागल्यावर सायतो खोलीत एकटाच रडतो. चार दशकांपूर्वी ज्या चेहऱ्याची रेष हलत नव्हती, तो तिथे पार कोसळतो.