पार्श्वभूमी: स्वतःच शिकलेल्यांचा सिनेमा

मुंबईत सिनेमा शिकायला शाळेतच गेलं पाहिजे असं कधीच नव्हतं. १९१३ चा मूकपट ‘राजा हरिश्चंद्र’ काढणाऱ्या दादासाहेब फाळक्यांनी लंडनहून कॅमेरा आणल्यावर आधी कुंडीतलं मटाराचं रोप वाढताना टिपून हात बसवला होता. पुढे स्टुडिओ आले आणि उमेदवारी हाच अभ्यासक्रम ठरला. क्लॅप धरा, चहा सांगा, बघत राहा. १९६० मध्ये पुण्यात सरकारी संस्था निघाली, पण बाहेरच्यांची खरी अडचण रिळाची होती. १६ एमएमचं ४०० फुटांचं रीळ ११ मिनिटांत संपायचं, वर धुलाई आणि प्रिंटचा खर्च. चुका करून शिकणं परवडायचं नाही.

मिनी डीव्ही या छोट्या डिजिटल व्हिडिओ टेपने ते परवडू लागलं. ६० मिनिटांची टेप, चुकलं तर त्याच टेपवर पुन्हा. लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारातून जुळवून आणलेला पीसी, टेपवरचं चित्रण त्यात उतरवणारं फायरवायर कार्ड, एडिटिंगचं सॉफ्टवेअर (पावती कोणी विचारू नये) एवढ्यावर घरच्या घरी माहितीपट होऊ लागले.

नेमकी याच सुमारास एक अट आली. फेब्रुवारी २००४ च्या मुंबईतल्या सरकारी माहितीपट महोत्सवासाठी भारतीय प्रवेशिकांना सेन्सॉर प्रमाणपत्र मागितलं गेलं. परदेशी फिल्मना मात्र ते नको. जाहीर प्रदर्शनाला प्रमाणपत्र लागतं हे १९५२ च्या कायद्यातच आहे, त्यामुळे अट नियमाबाहेरची म्हणता येत नाही. पण सूट देण्याची तरतूदही त्याच कायद्यात आहे, आणि ती पाहुण्यांना मिळाली, घरच्यांना नाही. एकट्याने फिल्म करणाऱ्याला हे फार जाचलं. अर्ज, फी, संवादांच्या प्रती, ‘हे दृश्य काढा’ म्हटलं की पुन्हा एडिट. निर्मितीसंस्थेत या धावपळीला माणूस असतो; इथे कॅमेरामनही तोच आणि हेलपाटे घालणाराही तोच.

देशभरातून विरोध झाला आणि अट मागे घेतली गेली. मग निवड जाहीर झाली, तेव्हा गुजरात दंगलीवरच्या फिल्मसह बऱ्याच बोचऱ्या फिल्म बाहेर राहिल्या. हा योगायोग मानायला फिल्मवाले तयार नव्हते, आणि खरं सांगायचं तर पटणंही कठीण होतं. त्यांनी त्याच दिवसांत प्रभादेवीत ‘विकल्प’ हा स्वतःचा समांतर महोत्सव भरवला. पुढे जुहूत दरमहा होणाऱ्या माहितीपटांच्या खेळांना त्याचंच नाव मिळालं. तिथे पडद्यावरची फिल्म आणि ती करणारा एकाच खोलीत सापडायचे. माइक कुठला लावला होता हे थेट विचारता यायचं.

२००८ नंतर व्हिडिओही घेणाऱ्या डीएसएलआर फोटो कॅमेऱ्यांनी चित्र देखणं केलं. आवाज मात्र वेगळ्या रेकॉर्डरवर घ्यावा लागे, आणि १२ मिनिटांच्या आसपास कॅमेरा आपोआप थांबे. २०१६ पासून डेटा स्वस्त झाला, तशी शिकवणी फोनवरच आली.

दाखवण्याची वाट तेवढी सोपी झाली नाही. २०२१ मध्ये सेन्सॉरच्या निर्णयावर दाद मागण्याचं अपील न्यायाधिकरण बंद झालं. आता प्रमाणपत्रावरून वाद झाला तर थेट उच्च न्यायालय, म्हणजे वकिलाची फी, आणि ती बहुधा फिल्मच्या बजेटमध्ये धरलेलीच नसते.