वर्गीय सामग्रीचे मध्यवर्ती परिमाण

मातृभाषा, रक्तगट, वैवाहिक स्थिती यांसारखी जी माहिती मोजून नव्हे, तर वर्गात घालून नोंदवली जाते, तिला सांख्यिकीत वर्गीय किंवा गुणात्मक सामग्री म्हणतात. मध्य (म्हणजे सरासरी), मध्यक (नोंदी क्रमाने मांडल्यावर मधोमध येणारी नोंद) आणि बहुलक (सर्वाधिक वेळा येणारी नोंद) या मध्यवर्ती, म्हणजे साऱ्या सामग्रीचे प्रतिनिधित्व करणाऱ्या परिमाणांपैकी कोणते अशा सामग्रीला लागू पडेल, हे त्या वर्गांना आपसांत क्रम आहे की नाही यावर ठरते. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ एस. एस. स्टीव्हन्स यांनी १९४६ मध्ये मापनाच्या चार श्रेणी मांडल्या. त्यांतील नामदर्शक (वर्गांना केवळ नावे) आणि क्रमदर्शक (वर्गांना क्रमही) या पहिल्या दोन श्रेणींशी हा प्रश्न निगडित आहे.

रक्तगटांना चढता-उतरता क्रम नसल्यामुळे तेथे बहुलक, म्हणजे सर्वाधिक वारंवारतेचा वर्ग, एवढेच परिमाण उरते. वर्गाला आकडा चिकटवल्याने यात फरक पडत नाही. मुंबईचा ४००००१ आणि पुण्याचा ४११००१ या पिनकोडांची सरासरी ४०५५०१ येते खरी, पण त्या आकड्याला मुंबई-पुण्याच्या मधले ठिकाण समजता येत नाही. संगणकावरील तक्ता अशी सरासरी विनातक्रार काढून देतो, म्हणून ही चूक सर्रास होते.

क्रम असलेल्या वर्गांसाठी मध्यकही वापरता येतो. महाराष्ट्रात १९९९ पासून उत्पन्नानुसार पिवळी, केशरी आणि शुभ्र अशा तीन रंगांच्या शिधापत्रिका आल्या. समजा, एका वाडीतील ११ कुटुंबांपैकी ५ जणांकडे पिवळी, ४ जणांकडे केशरी आणि दोघांकडे शुभ्र शिधापत्रिका आहे. येथे बहुलक पिवळी येतो. मात्र उत्पन्नाच्या क्रमाने कुटुंबे उभी केली, तर मधले, म्हणजे सहावे कुटुंब केशरी शिधापत्रिकेचे निघते. दोन्ही उत्तरे बरोबर आहेत, कारण प्रश्न वेगळे आहेत. रंगांना १, २, ३ असे क्रमांक देऊन काढलेली १.७३ ही सरासरी मात्र टिकत नाही, कारण रंगांमधील उत्पन्नाचे अंतर सारखे नाही आणि शुभ्र शिधापत्रिकेला तर वरची मर्यादाच नाही. कुटुंबांची संख्या सम असून मधली दोन वेगवेगळ्या वर्गांत पडली, तर त्यांची सरासरी न काढता दोन्ही वर्ग सांगावेत.

वर्गांची सरासरी काढू नये, या नियमाला एक रास्त अपवाद आहे : होय-नाही अशा दोनच वर्गांना १ आणि ० दिले, तर येणारा मध्य म्हणजे ‘होय’ म्हणणाऱ्यांचे प्रमाणच असते.

बहुलक म्हणजे बहुमत नव्हे, हे वारंवार विसरले जाते. २०११ च्या जनगणनेत भारतातील भाषांचा बहुलक हिंदी होता, पण तिचा वाटा ४३.६३ टक्के, म्हणजे निम्म्याहून कमी होता. शिवाय या वर्गात ५ कोटींहून अधिक भोजपुरी भाषकांसह अनेक मातृभाषा एकत्र केलेल्या होत्या. स्वतःची मातृभाषा ‘हिंदी’ अशीच सांगणारे सुमारे ३२.२ कोटी, म्हणजे लोकसंख्येच्या साधारण २६.६ टक्के होते. वर्गवारी कशीही केली तरी बहुलक हिंदीच येतो. त्यामागचे वजन मात्र सुमारे ४४ वरून २७ टक्क्यांवर उतरते.