पार्श्वभूमी : पुनर्मूल्यांकन मिळते, पण कधी?

विद्यार्थी ज्याला सरसकट ‘रीचेकिंग’ म्हणतात, त्यात तीन वेगळे अर्ज दडलेले असतात. गुणपडताळणीत फक्त बेरीज बरोबर आहे ना आणि एखादे उत्तर तपासायचे राहून गेले नाही ना, एवढेच पाहतात. छायाप्रत म्हणजे आपल्याच उत्तरपत्रिकेची झेरॉक्स. पुनर्मूल्यांकनात मात्र दुसरा परीक्षक पेपर नव्याने तपासतो. ‘फेरतपासणी’ हा शब्द बोलताना तिन्हींना चालतो, त्यामुळे बेरजेचा अर्ज भरायचा आणि उत्तरांचे गुण वाढतील म्हणून वाट पाहायची, असे सर्रास घडते. न्यायालयात हा सैलपणा चालत नाही. पुनर्मूल्यांकन हा हक्क नाही. परीक्षेच्या नियमांत तरतूद असेल तरच ते सहसा मिळते.

याची मुळे महाराष्ट्रातच आहेत. उत्तरपत्रिका दाखवायला आणि पुन्हा तपासायला मनाई करणारा दहावी-बारावीच्या मंडळाचा नियम उच्च न्यायालयाने रद्द केला होता. जुलै 1984 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा उभा केला. 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्याच एका निकालाने माहिती अधिकाराखाली निदान पेपर पाहण्याचे दार उघडले. पण त्याच निकालात पाहणे वेगळे आणि पुन्हा तपासून घेणे वेगळे, हेही स्पष्ट झाले. म्हणजे परीक्षकाची चूक हातात दिसते, पण त्या चुकीवर इलाज मिळेलच असे नाही.

विद्यापीठांत पुनर्मूल्यांकनाची सोय सहसा असते. तिथे भांडण वेळेचे आहे. राज्याच्या 2016 च्या विद्यापीठ कायद्यानुसार परीक्षेचा निकाल शक्यतो 30 दिवसांत आणि कोणत्याही परिस्थितीत 45 दिवसांत लागायला हवा. नाही लागला तर कारणांचा अहवाल द्यायचा. विलंबाला शिक्षा म्हणून अहवाल, हे जरा स्वस्तातच पडले! शिवाय ही मुदत मूळ निकालाची. पुनर्मूल्यांकनाचा निकाल अडकला असताना पुढच्या परीक्षेचा फॉर्म भरण्याची तारीख येते. मग विद्यार्थी केटीचे, म्हणजे नापास विषयाच्या फेरपरीक्षेचे, पैसे भरतो, त्याच विषयाचा अभ्यास पुन्हा करतो, आणि नंतर कळते की तो आधीच पास होता.

हा कायदा मार्च 2017 मध्ये लागू झाला आणि त्याच उन्हाळ्यात मुंबईच्या विद्यापीठाने सुमारे 17 लाख उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासण्याचा निर्णय घेतला. स्कॅनिंग रखडले, प्राध्यापकांना पुरेसे प्रशिक्षण नव्हते, काही उत्तरपत्रिका सापडेनात. कुलपती म्हणजे राज्यपालांनी दिलेली 31 जुलैची मुदतही हुकली. पुढच्या प्रवेशांच्या तारखा तोंडावर आल्याने विधी शाखेच्या विद्यार्थ्यांनी उच्च न्यायालय गाठले. ऑक्टोबरमध्ये कुलगुरूंना पदावरून दूर करण्यात आले. तोवर पुनर्मूल्यांकनाची रांग मूळ निकालांच्याही मागे उभी होती. पडद्यावरची तपासणी वाईट नव्हती. सगळ्या शाखांत ती एकदम लादणे हा निर्णय चुकला.

त्याच वर्षी डिसेंबरमध्ये, उत्तर प्रदेशातल्या शिक्षक भरतीच्या प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की पेपर तपासणे न्यायालयाचे काम नाही आणि संशयाचा फायदा परीक्षा घेणाऱ्या संस्थेला मिळावा. त्यामुळे ‘माझे गुण वाढवा’ ही मागणी कोर्टात फारशी टिकत नाही. ‘निकाल अमुक तारखेच्या आत लावा, तोवर मला पुढच्या परीक्षेला बसू द्या’ एवढीच मागणी त्यातल्या त्यात पदरात पडण्याजोगी उरते.