हरणाचं मटण नारळाच्या दुधात कसं पोहोचलं

इंग्लंडात रेड डिअर, फॅलो आणि रो या तिन्ही जातींच्या हरणांच्या माद्या 1 नोव्हेंबर ते 31 मार्च एवढ्याच काळात मारता येतात. उन्हाळ्यात त्यांच्या अंगावर पाडसं असतात, म्हणून तेव्हा बंदी. त्यामुळे जंगलातल्या मादीचं मटण हे तिथलं थंडीचं जेवण. अलीकडे हे मटण नारळाच्या दुधात रटरटत शिजवतात आणि त्याला फ्यूजन म्हणतात. नारळ नवा आहे हे खरं, पण ज्या अडचणीसाठी तो आला ती सहाशे वर्षांहून जुनी आहे.

अडचण चरबीची. हरणाच्या स्नायूंत चरबी जवळपास नसतेच, शंभर ग्रॅममागे दोन-तीन ग्रॅम. जी असते ती कातडीखाली आणि आतड्यांभोवती, आणि तीही जिभेवर मेणासारखी बसणारी. जुन्या शिकाऱ्यांत मान होता तो उन्हाळ्यात चरून लठ्ठ झालेल्या नराला. शरद ऋतूतल्या माजाच्या दिवसांत नर खाणंपिणं सोडतो, हाडं वर येतात. मग हिवाळ्याच्या ताटात उरते ती सुकी, चिवट फोड.

त्यावरचा एक उपाय इंग्लंडचा राजा रिचर्ड दुसरा याच्या आचाऱ्यांनी 1390च्या सुमारास पाककृतींच्या एका संग्रहात लिहून ठेवलाय. गहू कांडून घ्यायचे, फुटेपर्यंत शिजवायचे, त्यात मटणाचा अर्क आणि गाईचं किंवा बदामाचं दूध घालायचं, अंड्याचा बलक, केशर, आणि हे हरणाच्या मांसाबरोबर वाढायचं. म्हणजे कवचफळाचं दूध आणि हरीण ही जोडी इंग्लंडला तेव्हापासून ठाऊक होती. (त्या संग्रहाच्या नावात ‘क्युरी’ आहे. आपली करी नव्हे, नुसतं ‘रांधणं’.) दुसरा उपाय डुकराच्या चरबीचा. लांब सुईनं तिच्या पट्ट्या मांसात ओवायच्या आणि मग भाजायचं.

हे सगळं अर्थात मोठ्या घरचं. 1066मध्ये इंग्लंड जिंकलेल्या नॉर्मन राजांनी जंगलं आपल्या शिकारीसाठी राखली. चोरून हरीण मारलं तर जिवावर किंवा हातापायावर बेतायचं. 1217च्या वनसनदेनं ती शिक्षा काढून दंड आणि कैद ठेवली, तर 1723च्या कायद्यानं हरीणचोराला पुन्हा फाशी आणली. ज्याला हरीण दृष्टीलाच पडत नाही, तो त्याचा रस्सा काय करणार?

म्हणूनच की काय, इंग्रजीत छापलेल्या अगदी सुरुवातीच्या करीत हरीण नाही. पाककृतींचं पुस्तक लिहिणाऱ्या हॅना ग्लास या बाईंनी 1747 मध्ये दिलेल्या कृतीत ‘दोन कोंबड्या किंवा ससे’ आहेत. धने स्वच्छ फावड्यावर भाजायला सांगितलेत, हळद नाही, आलं नाही आणि नारळही नाही. नारळ पुढे वसाहतींतल्या स्वयंपाकातून आला आणि सिलोनच्या कारखान्यांतला सुका किस एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस केकबिस्किटांत आणि करीवर भुरभुरायला पडला. नारळाचं डबाबंद दूध घरोघरी पोहोचलं ते थाई जेवणाची आवड वाढल्यावर, अगदी परवापरवा.

दूध पडलं म्हणजे मांस आतून स्निग्ध होत नाही, हेही सांगायला हवं. खांदा किंवा पायाचं मटण दोन-तीन तास मंद शिजलं की त्यातल्या चिवट धाग्यांचा चिकट रस होतो आणि मऊपणा येतो तो त्यानं. नारळ फक्त त्या कोरड्या रेषांना बाहेरून तेल लावतो. तेही वाढपी झपाट्याचा असेल तरच. थंडीत बाटलीतलं खोबरेल थिजतं ते आपण पाहतोच, ताटातही तेच होतं.

कोकणातल्या माणसाला खोबऱ्याच्या वाटणातली शिकार नवी नाही, निदान आजोबांच्या गोष्टींतून तरी. 1972चा वन्यजीव संरक्षण कायदा आणि 1991मधली दुरुस्ती यांनंतर परवान्यानं हरीण मारणंही थांबलं. सह्याद्रीत भेकर या छोट्या हरणाला हात लावला तर तुरुंग. त्याचा चिनी भाऊ, मुंटजॅक, मात्र बेडफर्डचे ड्यूक या इंग्रज सरदारांनी आपल्या वोबर्नच्या बागेत आणला, तिथून सुटून आणि सोडून देऊन तो इंग्लंडभर पसरला. त्याला बंदीचा हंगामच नाही. लंडनमधल्या एखाद्या मालवणी घरात भाजक्या खोबऱ्याच्या वाटणात तो आज कायदेशीर शिजू शकतो.