मिस्ड की इन्कम्प्लीट? ओ०२.१ आणि ओ०३.४ मधला फरक

बाई दवाखान्यातून घरी आली की आपल्याकडे एवढंच सांगितलं जातं, ‘पिशवी साफ केली.’ त्याआधी काय झालं होतं, ठोके थांबले होते की अर्धवट पडून गेलं होतं, हे फारसं कुणी विचारत नाही. मेडिकल कोडिंगमध्ये, म्हणजे विम्याच्या बिलासाठी निदान आणि उपचार ठरावीक कोडमध्ये लिहिण्याच्या कामात, मात्र सगळा प्रश्न त्या ‘आधी’चाच असतो. अमेरिकेतल्या रुग्णांचे चार्ट कोड करताना मी सर्वांत जास्त अदलाबदल पाहिली ती दोन निदानांची: मिस्ड अबॉर्शन, म्हणजे ओ०२.१, आणि इन्कम्प्लीट स्पॉन्टेनियस अबॉर्शन (आपोआप, पण अर्धवट झालेला गर्भपात), म्हणजे ओ०३.४. हे दोन्ही आयसीडी-१०-सीएम या अमेरिकेतल्या निदानाच्या कोडयादीतले, त्यातला ‘ओ’ हे इंग्रजी अक्षर आहे.

आधी शब्दांचं बघू. ‘गर्भपात झाला’ आणि ‘गर्भपात केला’ यांतला फरक मराठीत क्रियापदच सांगून जातं. चार्टमधल्या ‘अबॉर्शन’ला ती सोय नाही, म्हणून हे पक्कं लक्षात ठेवायचं की ही दोन्ही निदानं ‘झाला’ या बाजूची आहेत. आणि ‘मिस्ड’चा पाळी चुकण्याशी काही संबंध नाही. गर्भ गेला, पण शरीराच्या ते ध्यानातच आलं नाही, असा त्याचा अर्थ.

समजा, एक बाई नेहमीच्या सोनोग्राफीला आली. पाळीच्या तारखेप्रमाणे दहा आठवडे झालेत. पडद्यावर गर्भ ९ मिलिमीटरचा, म्हणजे जेमतेम सात आठवड्यांएवढा, आणि ठोके नाहीत. (७ मिलिमीटर किंवा त्याहून मोठ्या गर्भात ठोके नसतील तर तो गेला असं धरतात.) रक्तस्राव नाही, झालाच तर डागापुरता. पिशवीचं तोंड बंद. कित्येकदा मळमळसुद्धा चालूच असते. आदल्या दिवसापर्यंत तिला सगळं सुरळीत वाटत असतं. हे मिस्ड. आत होतं ते सगळं आतच आहे. कोडच्या व्याख्येत मर्यादा २० आठवडे पूर्ण होण्याआधीची. त्यानंतर गर्भ पोटात गेला तर ओ३६.४ कडे जावं लागतं. गर्भाभोवतीचं आवरण दिसतंय पण त्यात गर्भ तयारच झाला नसेल, ज्याला ब्लायटेड ओव्हम म्हणतात, तर कोड ओ०२.०.

दुसरी बाई दोन दिवस गाठींसह रक्त जातंय म्हणून इमर्जन्सीत आली. ओटीपोटात कळा, पिशवीचं तोंड उघडं, घरी काहीतरी पडल्याचं ती सांगते. सोनोग्राफीत गर्भ नाही, पण पिशवीत जाडसर ऐवज उरलेला. हे इन्कम्प्लीट. शरीराने काम सुरू केलं, पुरं केलं नाही.

गोंधळ होतो तो ‘रिटेन्ड’, म्हणजे आत राहिलेलं, या शब्दामुळे, कारण तो दोन्ही चार्टमध्ये येतो. पहिल्या वर्षी मीही तो शब्द पाहिला आणि सरळ ओ०३.४ टाकला, ऑडिटमध्ये चार्ट परत आला. तेव्हापासून मी एकच गोष्ट शोधते: काही बाहेर पडलं होतं का? पॅथॉलॉजीच्या रिपोर्टवरून हे ठरत नाही, तिथे दोन्हीकडे ‘प्रॉडक्ट्स ऑफ कन्सेप्शन’ (गर्भाचे अवशेष) असंच लिहिलेलं असतं. ऑपरेशन नोटवरूनही ठरत नाही, क्युरेटिंग, म्हणजे पिशवी साफ करणं, दोघींचंही होतं. आणि ठोके चालू असून नुसता रक्तस्राव असेल व डॉक्टरांनी थ्रेटन्ड (गर्भपाताची नुसती भीती) लिहिलं असेल, तर यातलं काहीच नाही, तो ओ२०.०.

हा फरक पुढे कुठे भोवतो, तर सगळ्यात आधी प्रोसिजरच्या कोडमध्ये. मिस्ड शस्त्रक्रियेने काढलं तर सीपीटी, म्हणजे प्रोसिजरच्या कोडची यादी, तिमाही बघते: पहिल्या तिमाहीत ५९८२०, दुसऱ्या तिमाहीत ५९८२१. इन्कम्प्लीटला कुठल्याही तिमाहीत ५९८१२. निदान एक आणि प्रोसिजर दुसऱ्याच निदानाची असेल तर क्लेम अडकू शकतो, आणि बिलाचं पत्र जातं ते त्या बाईच्या घरी. आधीच एवढं सोसलेल्या बाईला आपल्या चुकीपायी फोन करत बसावं लागू नये, असं मला मनापासून वाटतं.

गुंतागुंत लिहिण्याची पद्धतही वेगळी आहे. मिस्डमध्ये जास्त रक्तस्राव झाला तर ओ०२.१ च्या जोडीला ओ०८.१ लावावा लागतो. इन्कम्प्लीटमध्ये गुंतागुंत कोडच्याच पोटात असते: रक्तस्रावासह असेल तर ओ०३.१, संसर्गासह असेल तर ओ०३.०. तिथे ओ०८ जोडणं चूक. आठवडे दाखवणारे झेड३ए कोड मात्र दोन्हीकडे लावायचे नाहीत, ते ओ२०.० सोबत जातात.

आणखी एक नियम नव्यांना पटकन पटत नाही. आधीच्या भेटीत ‘कम्प्लीट’ लिहून घरी सोडलेली बाई आठवड्याने परत आली, आत थोडं उरलेलं सापडलं आणि दुसरी गुंतागुंत नाही, तर या भेटीचा कोड ओ०३.४ च. जुन्या कागदावर ‘कम्प्लीट’ आहे म्हणून अडखळायचं नाही.

खरी अवघड जागा गोळ्यांची. मिस्डचं निदान झालं, पिशवी रिकामी व्हावी म्हणून मिसोप्रोस्टॉलच्या गोळ्या दिल्या, घरी बरंच पडून गेलं, उरलेल्यासाठी ती परत आली. डॉक्टर एका नोटमध्ये मिस्ड लिहितात, दुसरीत इन्कम्प्लीट. इथे आपण आपल्या अंदाजाने कोड निवडायचा नाही, क्वेरी टाकायची, म्हणजे डॉक्टरांनाच लेखी विचारायचं. तीही ‘हे इन्कम्प्लीटच ना?’ अशी उत्तर तोंडात घालणारी नको. सोनोग्राफीची तारीख, गोळ्या दिल्याची तारीख, आज तपासणीत पिशवीचं तोंड उघडं होतं की बंद आणि काय दिसलं, एवढं क्रमाने मांडायचं, आणि या भेटीचं निदान काय, हे डॉक्टरांना लिहू द्यायचं.